सायफाय डायरेक्टर व्हायचंय, आणि हातात आहे सासू-सून

पत्र असं आलंय (थोडं छाटलंय):

"ताई, नमस्कार. मी २८ वर्षांचा. घोडबंदर रोडवर एका मराठी डेली सोपच्या सेटवर चीफ एडी (मुख्य असिस्टंट डायरेक्टर) आहे, पाच वर्षं झाली या लाईनमध्ये. शाळेपासून विज्ञानकथा वाचतोय, नारळीकर, फोंडके पाठ आहेत, आणि आयुष्यात एकच करायचंय, टीव्हीवर किंवा वेबवर सायन्स फिक्शन डायरेक्ट करायचं. रोज करतो काय, तर मंगळसूत्र तुटलं की सात जणांचे क्लोज-अप. आता प्रॉडक्शन मला त्याच मालिकेवर एपिसोड डायरेक्टर करायला तयार आहे. पुण्यातला मित्र म्हणतो की त्याच्या व्हीएफएक्स (कॉम्प्युटरवरचे इफेक्ट्स) स्टुडिओत ये, सायफायच्या जवळ राहशील. आणि तिसरं म्हणजे अडीच लाख साठलेत, त्यात स्पेसशिपवाली शॉर्ट फिल्म करून दाखवावी असं डोक्यात आहे. चॅनेलच्या क्रिएटिव्हला बोललो तर म्हणाली, आपल्याकडे सायफाय चालत नाही, विसर. डेली घेतली तर शिक्का बसेल आणि मग कुणी दारात उभं करणार नाही अशी भीती वाटते. काय करू? – शिक्का, ठाणे"

अरे शिक्का,

डेली घे. कारणं पुढे येतातच, पण उत्तर आधी सांगून टाकलं म्हणजे तू वाचताना घालमेल करत बसणार नाहीस.

आता तुझी मुख्य भीती, शिक्का बसण्याची. टीव्हीवर ज्यांनी सायन्स फिक्शन गाजवली त्यांचं करिअर एकेकाचं काढून बघ, गंमत अशी दिसते की त्यातले बरेच जण सायफायचे डायरेक्टर नव्हतेच. ते टीव्हीचे डायरेक्टर होते, पगारावर किंवा काँट्रॅक्टवर काम करणारे, या महिन्यात नाटक पुढच्या महिन्यात सोप, आणि एक दिवस त्यांच्या टेबलावर ती स्क्रिप्ट येऊन पडली. कधी तर त्यांना ती नकोच होती.

वारिस हुसेन हे नाव ऐकलंयस का? नसशील तर आधी ते वाच, बाकी सगळं नंतर. जन्म लखनौचा, १९३८ चा, आई अतिया हुसैन म्हणजे मोठी लेखिका, लहानपणीच इंग्लंडला गेले, केंब्रिजला शिकले, तिथे नाटकं बसवली आणि मग बीबीसीत ट्रेनी डायरेक्टर म्हणून लागले. सुरुवातीच्या कामांत 'कॉम्पॅक्ट' नावाची एक सोप होती, एका मासिकाच्या ऑफिसात घडणारी, म्हणजे कोण कुणावर भाळलं आणि कोण कुणावर रुसलं. तुझ्या मंगळसूत्राचंच विलायती भावंड. आणि १९६३ साली, वयाच्या २४ व्या वर्षी, त्यांच्या हातात एक नवीन मालिका दिली, शनिवारी संध्याकाळी घरातल्या सगळ्यांनी बघायची, एक विक्षिप्त म्हातारा आणि पोलीस बॉक्सच्या आकाराचं कालयान. डॉक्टर हू. आज साठ वर्षं उलटून गेली तरी लोक त्याच्याबद्दल बोलतात, पण तेव्हा हुसेनना पहिल्या कथेच्या स्क्रिप्ट बघून काय वाटलं असेल याची कल्पना कर, शेक्सपियरच्या वातावरणातून आलेला मुलगा आणि पुढ्यात काय, तर कातडी पांघरलेले गुहेतले लोक विस्तवासाठी भांडतायत. ते खूश नव्हते हे त्यांनी नंतर स्वतःच बऱ्याचदा सांगितलंय. निर्माती व्हेरिटी लँबर्ट, तीही सत्तावीस वर्षांची, बीबीसीच्या ड्रामा विभागात तेव्हाची एकमेव बाई प्रोड्यूसर. एक तरुण बाई, एक हिंदुस्थानी पोरगा, आणि पोरांसाठीची म्हणून जुन्याजाणत्यांनी नाक मुरडलेली मालिका. असं ते युनिट.

स्टुडिओ मिळाला लाईम ग्रोव्हचा डी, जुना, अपुरा, दिवे लागले की भट्टी. कालयानाच्या आतल्या सेटनेच अर्धी जागा खाल्लेली. पद्धत अशी की आठवडाभर हॉलमध्ये रिहर्सल, शुक्रवारी दिवसभर कॅमेऱ्यांबरोबर रिहर्सल आणि त्याच संध्याकाळी तास-सव्वा तासात अख्खा एपिसोड रेकॉर्ड, जवळजवळ लाईव्ह असल्यासारखा, कारण टेप कापून जोडणं महाग आणि कटकटीचं होतं म्हणून थांबायची मुभा अगदी मोजकी. तू म्हणशील आमच्याकडे पण सीन सेटवरच हातात येतो आणि संध्याकाळपर्यंत वीस मिनिटं काढायची असतात. तेच तर म्हणतेय मी.

आता तो पहिला एपिसोड एकदा नीट बघ, डायरेक्टरच्या डोळ्यांनी. सुरुवातीला अवकाश नाही की यंत्र नाही. धुकं, एक पोलीस, भंगारवाल्याचं आवार. मग शाळा, दोन शिक्षक आपसात बोलतायत की ही एक विद्यार्थिनी जरा विचित्र आहे, हिला काही गोष्टी नको इतक्या येतात आणि काही साध्या गोष्टी येतच नाहीत. ते दोघं तिच्या मागावर त्या आवारात जातात. तिथे तो पोलीस बॉक्स उभा. शिक्षक त्याला हात लावतो, दचकतो, कारण आतून काहीतरी थरथरतंय, आणि मग तो त्या बॉक्सच्या भोवती एक पूर्ण चक्कर मारतो. बस, एवढंच. आपल्याला त्या क्षणी त्याचं काही वाटत नाही. पण थोड्या वेळाने धक्काबुक्कीत ते दार उघडून आत घुसतात आणि अंधाऱ्या आवारातून कट थेट लख्ख पांढऱ्या, भल्यामोठ्या खोलीत. तेव्हा आपल्या पोटात जो गोळा येतो तो त्या चक्करमुळे येतो. मागे काही नाहीये हे आपण बघितलेलं असतं. तो शिक्षकही नंतर हेच म्हणत राहतो की मी भोवती फिरून आलो होतो. यात व्हीएफएक्स कुठे आहे सांग? एक नट, एक लाकडी खोकं, एक चक्कर आणि एक कट. अडीच लाखांतले किती लागले?

आणि हे पहिल्याच फटक्यात जमलेलं नाही. सप्टेंबरमध्ये एकदा पूर्ण एपिसोड रेकॉर्ड झाला तेव्हा दारं नीट बंद होईनात, कॅमेरे धडपडतायत, म्हातारा फारच खडूस वाटतोय. ड्रामा विभागाचा प्रमुख सिडनी न्यूमन, त्याने बघितलं आणि सांगितलं की पुन्हा करा. हुसेन आणि लँबर्ट, दोघांची नोकरी जाऊ शकली असती, पण त्याने पुन्हा संधी दिली, ऑक्टोबरमध्ये परत शूट केलं आणि २३ नोव्हेंबर १९६३ ला टेलिकास्ट झालं. आदल्याच दिवशी केनेडींची हत्या झालेली. सगळं जग त्या बातमीत. म्हणून पुढच्या शनिवारी दुसऱ्या एपिसोडच्या आधी पहिला परत दाखवला. नशीब बघ एकेकाचं.

आता तुझ्या शिक्क्याकडे येऊ. हुसेननी ती पहिली कथा केली, मग १९६४ मध्ये त्याच मालिकेत मार्को पोलोची कथा केली (सात भागांची, एक भाग सोडून सगळे त्यांचे, आणि आज त्याचं चित्रण उरलेलंच नाही, बीबीसीने त्या काळात टेपा पुसून पुन्हा वापरल्या, फक्त आवाज शिल्लक आहे). त्यानंतर १९६५ ला बीबीसीसाठीच 'अ पॅसेज टू इंडिया'. मग सिनेमे. मग १९७४ ला मतदानाच्या हक्कासाठी लढलेल्या बायकांवरची मालिका, त्यातले काही भाग त्यांचे. १९७८ ला राजा एडवर्ड आणि मिसेस सिम्पसनवरची मालिका, तिला बाफ्टा. १९९७ ला मुंबईतल्या एका पारशी कुटुंबावरचा सिनेमा, 'सिक्स्थ हॅपिनेस'. कुठला शिक्का आणि कुणावर? ज्या माणसाने जगातल्या सगळ्यात जास्त चाललेल्या सायफाय मालिकेचा पाया घातला त्याच्या करिअरमध्ये सायफाय म्हणजे काही महिन्यांचं काम.

तू नारळीकर पाठ आहेत म्हणालास म्हणून हे पण सांगते. नारळीकरांचे केंब्रिजमधले गुरू फ्रेड हॉईल, त्यांनी १९६१ साली बीबीसीसाठी 'ए फॉर अँड्रोमेडा' ही मालिका लिहिली, जॉन एलियटबरोबर. म्हणजे नारळीकर तिकडे हॉईलच्या हाताखाली संशोधन करत होते त्याच सुमारास गुरुजी टीव्हीवर परग्रहावरून आलेला संदेश सोडवत होते, मला हे फार आवडतं. तर ती डायरेक्ट कुणी केली? मायकल हेज. त्याच्या आदल्या वर्षी त्या माणसाने काय केलं होतं, तर शेक्सपियरची राजांवरची नाटकं सलग १५ भागांत टीव्हीवर आणली होती. राजे, मुकुट, कटकारस्थानं, आणि तिथून उठून थेट परग्रहावरचा संदेश. ज्युली क्रिस्टी नावाची ड्रामा स्कूलमधली पोरगी त्याने त्यात घेतली, पुढे ती केवढी मोठी स्टार झाली ते तुला माहितीय. आणि पुढे सत्तरच्या दशकाच्या शेवटी हाच हेज डॉक्टर हूच्याही कथा करून गेला.

त्याहून मागचं बघायचं असेल तर रुडॉल्फ कार्टिए. व्हिएन्नाचा माणूस, नाझींमुळे देश सोडून आलेला. १९५३ मध्ये त्याने 'द क्वाटरमास एक्सपेरिमेंट' केलं, सहा भाग, लाईव्ह. लाईव्ह म्हणजे खरंच लाईव्ह, चुकलं तर चुकलं. शेवटच्या भागात लंडनच्या वेस्टमिन्स्टर ॲबे या चर्चमध्ये एक राक्षसी वनस्पती पसरलेली दाखवायची होती आणि पैसे तर नव्हतेच. मग ॲबेच्या आतल्या भागाचा एक मोठा फोटो केला, त्याला भोकं पाडली, आणि लेखक नायजेल नीलने स्वतः पानं-वेली चिकटवलेले हातमोजे घालून त्या भोकांतून हात बाहेर काढून हलवले. लोक घाबरले. का घाबरले, तर आधीच्या पाच भागांत नटांनी ती भीती इतकी खरी केली होती की शेवटी हातमोजाही पुरला. पुढच्याच वर्षी ऑर्वेलची '१९८४' ही कादंबरी टीव्हीवर केली त्याने आणि पार्लमेंटमध्ये गदारोळ झाला. आणि हाच माणूस टीव्हीवर ऑपेराही करायचा.

आता तुझ्या सगळ्यात जवळचा माणूस, ग्रॅम हार्पर. हा अगदी तुझ्यासारखा खालून वर आलेला, फ्लोअरवर पळापळ करत. डॉक्टर हूच्याच युनिटवर असिस्टंटगिरी केली आणि १९८४ साली त्याला एक कथा पूर्ण मिळाली, 'द केव्ह्ज ऑफ अँड्रोझानी'. त्या काळात तिकडे मल्टिकॅमचा (एकाच वेळी अनेक कॅमेरे चालवणारा) डायरेक्टर वरती काचेच्या खोलीत बसायचा आणि माईकवरून सूचना द्यायचा. हार्पर खाली उतरला. नटांच्या बाजूला, कॅमेऱ्याच्या बाजूला उभा राहून त्याने ते काम केलं, आणि ती कथा बघितलीस तर पडद्यावर फरक कळतो, सगळं अंगावर येतं, कॅमेरा स्वस्थ नाही, माणसं घामाघूम. २००९ मध्ये डॉक्टर हू मासिकाच्या वाचकांनी तोवरच्या सगळ्या कथांमध्ये हीच पहिल्या नंबरला ठेवली. पण लक्षात घे, १९८५ ला आणखी एक कथा करून तो त्या मालिकेतून बाहेर पडला, मधे वीसेक वर्षं बाकीचं टीव्ही केलं, आणि २००६ मध्ये मालिका नव्याने सुरू झालेली असताना त्याला परत बोलावलं. जुनी आणि नवी दोन्ही केलेला तो एकच डायरेक्टर आहे. मधल्या वीस वर्षांत तो 'सायफायच्या जवळ' राहिला नव्हता रे, कामात राहिला होता.

अमेरिकेतलं एक नाव पटकन सांगते, जोनाथन फ्रेक्स, स्टार ट्रेकमधला रायकर. नट होता, डायरेक्शन करायचं म्हणाला तर आधी एडिटच्या खोलीत, मीटिंगांमध्ये, साऊंडमध्ये बसवून ठेवला, मग १९९० मध्ये एक एपिसोड दिला. आज तो गुन्हेगारीच्या, चोरांच्या, नेव्हीच्या कसल्याही मालिका करतो आणि मधेमधे स्टार ट्रेकही.

याचं कारण साधं आहे. टीव्हीवर जग कसं असेल हे लेखक आणि शोरनर (अख्ख्या मालिकेची सूत्रं हातात असणारा) ठरवतात. डायरेक्टर येतो, त्याला मिळतात दोन-चार एपिसोड, ठरलेले दिवस, ठरलेला पैसा, आणि त्याला एकच काम असतं, जे खोटं आहे ते नटांकडून खरं करून घ्यायचं आणि वेळेत घरी जायचं. म्हणून त्या टेबलावर माणूस निवडताना पहिला प्रश्न 'याचे शूटचे दिवस वाढतात का' असा असतो, 'याला ब्लॅक होल कळतं का' हा फार नंतर. आणि पहिल्या प्रश्नाचं उत्तर तुझ्याकडे पाच वर्षांचं आहे.

पण म्हणून मी तुझ्या डेलीला हार घालत नाहीये, नाहीतर म्हणशील ताईने सासू-सुनेला विज्ञान केलं. डेली सोप एक सवय लावते आणि ती सायफायला विष आहे. आपल्याकडे बाई स्वयंपाक करता करता बघणार हे गृहीत असतं, त्यामुळे प्रत्येक गोष्ट तीनदा सांगायची, आधी संवादात, मग रिॲक्शनमध्ये, मग म्युझिकमध्ये, आणि उद्याच्या एपिसोडच्या सुरुवातीला परत एकदा. सायफायमध्ये बरोब्बर उलटं, लपवायचं. चक्कर मारून आलेला शिक्षक बघितलास ना, डेलीमध्ये त्या चक्करवर आपण तीन वेळा झूम मारून ढॅण केलं असतं आणि मग दार उघडल्यावर काही उरलंच नसतं. एपिसोड डायरेक्टर झालास की हे मोडायला लाग, रोज नाही जमणार, ईपी (एक्झिक्युटिव्ह प्रोड्यूसर) ओरडेल, पण आठवड्यात एखादा सीन असा काढ ज्यात काय झालंय ते कुणी बोलत नाही आणि तरी बघणाऱ्याला कळतं. सात जणांचे क्लोज घ्यायचेच असतील तर एकाचा घेऊ नको, ज्याला गुपित माहितीय त्याचा. चॅनेलला कळणारपण नाही आणि तुझा हात तयार होईल.

आता पुण्याचा मित्र. नोकरी बदलून जाऊ नको. व्हीएफएक्स स्टुडिओत गेलास तर व्हीएफएक्सवाला होशील, चांगलं काम आहे, मान आहे, पण तिथून डायरेक्टरच्या खुर्चीपर्यंतचा रस्ता तुझ्या आत्ताच्या रस्त्यापेक्षा लांब पडतो. तुझी एपिसोडची बँक (पुढचे शूट करून ठेवलेले एपिसोड) तयार असेल त्या आठवड्यात सुट्टी काढून त्याच्याकडे जाऊन बस मात्र. त्याला विचार की डायरेक्टर लोक तुमची वाट कशी लावतात. क्लीन प्लेट (नटांशिवायचा रिकामा शॉट) घेतलेलीच नसते, क्रोमावर (मागच्या हिरव्या पडद्यावर) लाईट एका बाजूने पडलेला असतो, मार्कर नटाच्या केसांमागे गेलेला असतो, नटाला आयलाईनच (नेमकं कुठे बघायचं ते) दिलेली नसते म्हणून तो राक्षसाच्या गुडघ्याशी बोलतोय असं दिसतं, आणि मग चार पोरं रात्र रात्र रोटो (एकेका फ्रेममधून नटाची आकृती कापून काढणं) करत बसतात. हे त्याच्या तोंडून, त्याच्या शिव्यांसकट ऐक.

आणि एक रस्ता तू लिहिलाच नाहीस, त्याचं मला जरा आश्चर्य वाटलं. पौराणिक. आपल्याकडच्या टीव्हीवर इफेक्ट्सचं खरं काम कुठे होतं, तर देवांच्या मालिकांमध्ये. १९८७ चं रामायण उंबरगावला शूट झालं, मुंबईपासून गुजरातच्या हद्दीत शिरलं की लगेच, आणि तेव्हापासून आजवर क्रोमा, हार्नेस, मिनिएचर, गर्दी वाढवणं, आकाशातून अवतरणं, हे सगळं पौराणिकवाल्यांनीच रोजच्या टेलिकास्टच्या घाईत केलंय. जिथे नट हवेत बघून संवाद म्हणतो आणि समोर काठीला लावलेला बॉल असतो, ती शाळा तुझ्या कामाची. एपिसोड डायरेक्टरचं वर्ष-दीड वर्षाचं क्रेडिट घे आणि मग एखाद्या पौराणिकच्या सेकंड युनिटवर (मुख्य युनिटशिवाय वेगळे शॉट घेणारं दुसरं युनिट) शिरकाव करून घे. तिथे शिरायला तुला हे क्रेडिटच उपयोगी पडेल, चीफ एडीला सेकंड युनिट सहसा देत नाहीत. मित्र हसतील, म्हणतील सायफाय करणार होता, मुकुट सांभाळतोय. हसू दे. हेजनेही मुकुटच सांभाळले होते.

चॅनेलच्या क्रिएटिव्हचं म्हणणं, की आपल्याकडे चालत नाही. ती खोटं बोलत नाहीये, ती तिच्या स्लॉटचं बोलतेय, साडेसातला काय चालतं एवढंच तिला विचारलेलं असतं. पण दूरदर्शनने १९८९ मध्ये मुलांसाठी 'इंद्रधनुष' केलं होतं आणि आजही चाळिशीतले लोक त्याचं नाव काढलं की हळवे होतात. १९९८ ला 'कॅप्टन व्योम' आलं, मिलिंद सोमण, आणि डायरेक्टर केतन मेहता, ज्याने आधी 'मिर्च मसाला' केला होता, म्हणजे इथेही तेच, मिरचीच्या कारखान्यातून अवकाशात. अलीकडे वेबवर २०१९ ला 'लैला' आलं, २०२१ ला 'ओके कॉम्प्युटर'. फार नाहीत, कबूल. मराठी टीव्हीवर तर दुष्काळच आहे, आणि हे जास्त लागतं कारण मराठी विज्ञानकथेची परंपरा केवढी, नारळीकर, फोंडके, लक्ष्मण लोंढे, निरंजन घाटे, सुबोध जावडेकर, दिवाळी अंकांनी पोसलेली अख्खी फळी, आणि पडद्यावर त्यातलं जवळजवळ काही नाही. त्या बाईंशी वाद घालू नको. तिला सायफाय हा शब्दच ऐकवू नको परत, गोष्ट ऐकव. 'एका बाईला रोज रात्री दहा वाजता तिच्या मेलेल्या नवऱ्याचा फोन येतो आणि तो उद्याचं बोलतो' असं सांगितलंस तर ती पुढे काय म्हणून विचारेल.

आता अडीच लाख आणि स्पेसशिप. हे करू नकोच. अडीच लाखांत स्पेसशिप अडीच लाखांचीच दिसते, आणि बघणाऱ्याने मोबाईलवर त्याच दिवशी शेकडो कोटींची बघितलेली असते. त्याऐवजी एक खोली, दोन चांगले नट, एक अशक्य गोष्ट, आणि तिचा एकच नियम. वर लिहिला तो फोनच घे वाटल्यास. नियम काय, तर तो फक्त उद्याचं सांगू शकतो, परवाचं नाही. मग डायरेक्टरचं काम सुरू होतं, पहिल्या फोनला ती कशी उठते, तिसऱ्या दिवशी फोनच्या आधी केस विंचरते का, आणि ज्या दिवशी उद्याचं सांगायला त्याच्याकडे काही नसतं त्या दिवशी कॅमेरा कुणावर ठेवायचा. बारा-पंधरा मिनिटांच्या वर जाऊ नको. नट तुझ्याच सेटवरचे घे, ज्या ज्येष्ठ बाई रोज सासू करतात त्यांना विचार, त्यांना असं काहीतरी करायची भूक असते आणि तू पाच वर्षं त्यांचा कॉलटाईम सांभाळला आहेस. साठ-सत्तर हजारांत होईल. आणि पैसे वाचवायचेच तर साऊंडवर वाचवू नको. त्या कालयानाचा आवाज माहितीय ना, तो ब्रायन हॉजसनने आईच्या घराची किल्ली जुन्या पियानोच्या तारांवरून घासून केलेला आहे, मग टेपवर उलटसुलट करून. टायटल्सचं ते वितळणारं चित्र म्हणजे कॅमेरा स्वतःच्याच मॉनिटरकडे रोखून धरलेला. किल्ली आणि मॉनिटर तुझ्याकडेही आहेत.

एखाद्या छापील मराठी कथेवर फिल्म करायची असेल तर लेखकाची किंवा वारसांची परवानगी आधी, लेखी. 'छोटीशीच फिल्म आहे' म्हणून सोडू नको, छोटी चालली तर मोठीची बोलणी होतात आणि तेव्हा कागद नसेल तर तुझी गोष्ट दुसरा कुणी करेल. स्वतःची गोष्ट असेल तर शूटच्या आधी स्क्रीनरायटर्स असोसिएशनमध्ये रजिस्टर करून टाक, ऑनलाईन होतं.

राहता राहिलं प्रमोशन. हो म्हणायच्या आधी दोन गोष्टी मागून घे. एक, क्रेडिट 'एपिसोड डायरेक्टर' असंच जाईल आणि ते टायटलला दिसेल हे मेलवर. तोंडी नको, डेलीमध्ये तोंडी म्हणजे हवेतलं. दुसरं, महिन्यातून दोन दिवस एडिटला बसू देणार का हे विचार, बहुतेक नाही म्हणतील, पण एक तरी मिळेल आणि तुझ्या घेतलेल्या शॉटचं पुढे काय होतं हे बघितल्याशिवाय कोणीच डायरेक्टर होत नाही, फ्रेक्सला उगाच नव्हतं बसवलं तिथे. आणि एपिसोड डायरेक्टर झाल्यावर पेमेंट महिन्याच्या महिन्याला येईल या भ्रमात राहू नको, आपल्याकडे नव्वद दिवस धरून चाल, त्यावर पण उशीर होतो. म्हणून फिल्मचे साठ-सत्तर हजार बाजूला काढले की उरलेल्या पैशांना तीन-चार महिने अजिबात हात लावायचा नाही, मित्राने पुण्याला सेकंडहँड कॅमेरा स्वस्तात मिळतोय असं सांगितलं तरी.

– ताई